पैठणचे भारूड, पळसखेडची गाणी आणि पडद्याची चौकट

१/ तमाशाच्या तंबूत रात्री उभा राहिलेला खेळ पहाटेपर्यंत चालत असे. संबळ-तुणतुण्याच्या साथीने देवीचा गोंधळ रात्रभर घातला जाई. हेच नृत्य आणि हेच संगीत चित्रपटात किंवा दूरचित्रवाणीवर येते, तेव्हा चार मिनिटांत संपते. मधली रात्र कुठे जाते? आणि त्या रात्रीबरोबर आणखी काय वगळले जाते? छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यातील तीन ठिकाणे, म्हणजे पैठण, पळसखेड आणि सिल्लोड, या प्रश्नाचा चारशे वर्षांचा इतिहास सांगतात. #थ्रेड

२/ आरंभ पैठणपासून करावा लागतो. संत एकनाथांच्या (१५३३–१५९९) काळात गावोगावी फिरणाऱ्या लोककलावंतांची मोठी परंपरा होती. पहाटे दान मागणारा वासुदेव, भविष्य सांगणारा जोशी, देवीचा गोंधळी, खंडोबाचे वाघ्या-मुरळी, कसरती करणारी कोल्हाटीण. प्रत्येकाचा वेश वेगळा, वाद्य वेगळे, बोलण्याची ढब वेगळी. एकनाथांनी ही माणसे जशीच्या तशी उचलली आणि त्यांच्या तोंडी अध्यात्म घातले. त्यांच्या नावावर तीनशेच्या आसपास भारुडे सांगितली जातात.

३/ लोककलेचे हे एक माध्यमांतरच होते. गोंधळ्याचा गोंधळ घरच्या मंगलकार्याचा भाग होता. भारुडातला गोंधळ हे रूपक झाले. वासुदेवाच्या टाळ-चिपळ्या राहिल्या, उद्देश बदलला. नव्या रचनेखाली ‘एका जनार्दनी’ ही नाममुद्रा आली. ज्यांच्या गळ्यातून आणि अंगविक्षेपांतून हे रूप घेतले, त्या गोंधळ्यांची, वासुदेवांची नावे मात्र कुठेच नोंदली गेली नाहीत. यात एकनाथांचा दोष नाही. त्या काळी अशी नोंद करण्याची रीतच नव्हती. पण रूप पुढे जाते आणि रूप घडवणारा मागे राहतो, हा क्रम इथून दिसू लागतो.

४/ भारुडाची एक गोष्ट पुस्तकात सापडत नाही. छापलेले भारूड काही कडव्यांचे असते. प्रत्यक्ष प्रयोग मात्र तासभरही रंगतो. भारूडकार लुगडे नेसून, डोक्यावर पदर घेऊन उभा राहतो, समोरच्या सरपंचाला चिमटा काढतो, कालच्या भांडणाचा उल्लेख करतो, मग एका क्षणात मूळ ओळीवर येतो. ही मधली जागा दर गावात नव्याने भरावी लागते. लोककलेचा प्राण बहुधा या मधल्या जागेत असतो, आणि माध्यम बदलताना सर्वांत आधी कात्री लागते ती तिलाच.

५/ विसाव्या शतकात यंत्र आले. ७८ फेऱ्यांच्या ध्वनिमुद्रिकेच्या एका बाजूवर सुमारे तीन मिनिटांचे गाणे मावत असे. कलावंताला काळाची अशी भिंत पूर्वी माहीत नव्हती. बोलपट आल्यावर चित्रपटगीतानेही साधारण तेवढीच लांबी स्वीकारली, कारण गाणे पडद्याबरोबर तबकडीवरही विकले जायचे होते. लोकसंगीताचे ‘तीन-चार मिनिटांचे गाणे’ झाले, त्यामागे रसिकांची आवड होती तशीच तबकडीच्या व्यासाची मर्यादाही होती.

६/ याच काळात एकनाथही पडद्यावर आले. प्रभात फिल्म कंपनीच्या ‘धर्मात्मा’ (१९३५) या व्ही. शांताराम दिग्दर्शित चित्रपटात बालगंधर्वांनी एकनाथांची भूमिका केली. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते. सेन्सॉरच्या आक्षेपामुळे ते बदलावे लागले. अंगणातल्या भारुडाचा कर्ता पडद्यावर आला तो संगीत रंगभूमीच्या सर्वांत मोठ्या नटाच्या रूपात.

७/ तमाशाचे काय झाले, हे समजण्यासाठी त्याची मूळ बांधणी लक्षात घ्यावी लागते. आधी गण, म्हणजे गणेशाला आवाहन. मग गवळण, तिच्यात कृष्ण, पेंद्या, मावशी. त्यानंतर बतावणी, रंगबाजी आणि लावण्या. शेवटी वग, म्हणजे प्रत्यक्ष नाट्य. ढोलकी, हलगी, तुणतुणे, झांज आणि मागे उभे राहून सूर धरणारे झीलकरी. प्रेक्षकाची दाद, दौलतजादा, सोंगाड्याची जागच्या जागी उत्तरे, हे सारे खेळाचेच अवयव. लावणी हा त्यातला एक भाग होता.

८/ बैठकीच्या लावणीत तर आणखी सूक्ष्म व्यवहार असे. गाणारी स्त्रीच अदा करी. बसल्या जागी, एकाच ओळीवर, केवळ डोळे, मान आणि हात यांनी ती दरवेळी निराळा अर्थ उलगडत जाई. श्रोता जाणकार असेल तर ती ओळ दहा वेळा येई. नसेल तर दोनदा. गळा आणि देह एकाच व्यक्तीचे, आणि लांबी ठरवणारा समोरचा माणूस. लावणीच्या या घडणीला चित्रपटाने मुळापासून हात घातला.

९/ ‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७), ‘सांगत्ये ऐका’ (१९५९), ‘पिंजरा’ (१९७२). या चित्रपटांनी तमाशा शहरी मध्यमवर्गाच्या नजरेत आणला. अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात शंभराहून अधिक आठवडे चालला. ज्या घरांतून तमाशाच्या तंबूकडे जाण्यास मनाई होती, त्या घरांतील माणसे सहकुटुंब लावणी पाहू लागली. ही कामगिरी लहान नव्हती. पण पडद्यावर आला तो तमाशाचा एक भाग. गण, बतावणी आणि वग बहुतांशी तंबूतच राहिले.

१०/ पार्श्वगायनामुळे गळा एकीचा आणि पाऊल दुसरीचे झाले. सुलोचना चव्हाण यांनी लावणीगायनात अतुलनीय कर्तृत्व गाजवले. ‘लावणीसम्राज्ञी’ ही उपाधी त्यांना मिळाली आणि २०२२ मध्ये पद्मश्रीही. त्या तमाशाच्या फडात कधी नाचल्या नाहीत. डोक्यावर पदर घेऊन माइकसमोर उभ्या राहून त्यांनी लावणी घराघरांत नेली. त्यांची कला अस्सल होती. तिच्यामुळेच लावणी प्रतिष्ठित झाली. मात्र ‘लावणी म्हणजे काय’ याचे उत्तर यापुढे फडाऐवजी तबकडी देऊ लागली.

११/ हा पेच केवळ मराठी नाही. मध्य युरोपातील स्लोव्हाकियाचे उदाहरण उद्बोधक आहे. कारोल प्लित्स्का हा छायाचित्रकार आणि लोकगीतांचा संग्राहक ‘मातित्सा स्लोवेन्स्का’ या सांस्कृतिक संस्थेसाठी खेडोपाडी फिरत असे. गाणी टिपता टिपता त्याने कॅमेरा उचलला. १९३३ मध्ये त्याचा ‘झेम स्पिएवा’, म्हणजे ‘भूमी गाते आहे’, हा चित्रपट आला. नट नाहीत, कथा नाही; ऋतुचक्राबरोबर चालणारी शेतीची कामे, मुलांचे खेळ, सण आणि खरे गावकरी नाचताना. १९३४ च्या व्हेनिस महोत्सवात गौरवलेल्या चेकोस्लोव्हाक चित्रपटांत तो होता.

१२/ पण या ‘गाणाऱ्या भूमी’चे चित्रण झाले ते मूक कॅमेऱ्यावर. पडद्यावर ऐकू येणारे संगीत फ्रांतिशेक श्क्वोर यांनी लोकधुनांवरून वाद्यवृंदासाठी रचलेले होते. संकलक होता आलेक्सांदर हाकेनश्मीड, जो पुढे अमेरिकेत गेला आणि तेथील प्रायोगिक चित्रपटात नावाजला गेला. म्हणजे पाय गावकऱ्यांचे, सूर शहरी वाद्यवृंदाचा आणि लय संकलकाच्या कात्रीची. मराठी चित्रपटात लावणीचे जे झाले, त्याच्याशी याचे साम्य स्पष्ट आहे.

१३/ पुढचा टप्पा राज्यसंस्थेचा. स्लोव्हाकियात १९४९ मध्ये ‘स्लुक’ हे शासकीय लोककला पथक उभे राहिले. खेड्यातील नृत्य प्रशिक्षित नर्तकांनी रंगमंचासाठी नव्याने बांधायचे, ही त्यामागची कल्पना. भारतात १९५३ मध्ये प्रजासत्ताक दिनानिमित्त दिल्लीत लोकनृत्य महोत्सव सुरू झाला. दोन्हीकडे परिणाम सारखे: फेर मोडून नर्तक प्रेक्षकाकडे तोंड करू लागले, वेश एकसारखे झाले, नाचाला नेमकी मिनिटे ठरली. दूरचित्रवाणीला सोयीचे लोकनृत्य, ती येण्यापूर्वीच असे तयार होत होते.

१४/ आता पुन्हा जिल्ह्यात. अजिंठ्याच्या डोंगररांगांजवळ, सोयगाव तालुक्यात पळसखेड हे गाव आहे. १९४२ मध्ये तेथे जन्मलेले ना. धों. महानोर शिक्षण सोडून शेतीकडे परतले. १९६७ मध्ये ‘रानातल्या कविता’ आल्या आणि मराठी कवितेत एक नवाच स्वर उमटला. त्या स्वराची मुळे खोल होती. जात्यावर, शेतात, सणावारी बायकांच्या ओठी असलेली गाणी महानोरांनी लहानपणापासून ऐकली होती.

१५/ महानोरांनी या गाण्यांचा संग्रहही केला. तो ‘पळसखेडची गाणी’ या नावाने प्रसिद्ध झाला. यातला विवेक लक्षणीय आहे. गावाच्या गाण्यांवर त्यांनी गावाचे नाव घातले आणि स्वतःच्या कवितांवर स्वतःचे. लोकगीताच्या चालीवर चार शब्द बदलून ते आपल्या नावे खपवणे मराठीत नवीन नव्हते. गावाचे आणि आपले हे दोन खण महानोरांनी वेगळे ठेवले, म्हणूनच त्यांच्या चित्रपटगीतांचा विचार अधिक गंभीरपणे करता येतो.

१६/ १९७७–७८ च्या सुमारास जब्बार पटेल यांनी ‘जैत रे जैत’ केला. मूळ कादंबरी गो. नी. दांडेकरांची, निर्मिती उषा मंगेशकरांची, संगीत हृदयनाथ मंगेशकरांचे, गीते महानोरांची. कर्नाळ्याच्या परिसरातील ठाकर समाजाची ही कथा. ढोल वाजवणारा नाग्या (मोहन आगाशे), त्याच्या ओढीने नवऱ्याचे घर सोडून आलेली चिंधी (स्मिता पाटील), लिंगोबाचा डोंगर आणि त्यावरची मधमाश्यांची पोळी. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

१७/ येथे एक अवघड प्रश्न उभा राहतो. गाणी ठाकरांची, पण कवी अजिंठ्याच्या पायथ्याचा शेतकरी. चाली शास्त्रीय संगीतात मुरलेल्या संगीतकाराच्या. गळे व्यावसायिक गायकांचे आणि पुण्याच्या रंगभूमीवरील कलावंतांचे. काटेकोर अर्थाने ही लोकगीते नव्हेत. तरीही कित्येक श्रोते ती लोकगीते समजूनच ऐकतात. मग हे लोकसंगीताचे जतन आहे की त्याची जागा घेणे?

१८/ उत्तराचा एक धागा बांधणीत सापडतो. पटेल हे ‘घाशीराम कोतवाल’चे (१९७२) दिग्दर्शक. त्या नाटकात कीर्तन, दशावतार, खेळे आणि तमाशा यांचे घटक कथेचा सांगाडा म्हणून वापरले होते. ‘जैत रे जैत’मध्येही गाणी कथेला थांबवत नाहीत, गाणाऱ्यांचा मेळा कथा सांगत, तिच्यावर भाष्य करत पुढे नेतो. झीलकऱ्यांचे आणि गोंधळ्याच्या साथीदारांचे काम हेच असते. रूप नवे रचले गेले, पण लोककलेचे कार्य टिकले. लावणी केवळ सजावटीसाठी पेरणाऱ्या चित्रपटांहून हा मार्ग वेगळा होता.

१९/ तोवर घरात दुसरा पडदा आला होता. दिल्लीत १५ सप्टेंबर १९५९ रोजी दूरचित्रवाणीचे प्रक्षेपण सुरू झाले. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी. १९८२ मध्ये रंग आले आणि पुढच्या काही वर्षांत प्रक्षेपण मनोऱ्यांचे जाळे जिल्ह्याजिल्ह्यांत पोहोचले. स्टुडिओतील गोंधळाची कल्पना केली की बदल ध्यानी येतो. ज्याच्या घरी कार्य आहे तो यजमान नाही, मांडलेला चौक आहे तो नेपथ्य म्हणून, पेटता पोत आगीच्या भीतीने टाळायचा, आणि देवतांना एकेक करून गोंधळाला बोलावण्याची लांबलचक आवतणे वेळेअभावी वगळायची. उरतात वेश, ठेका आणि मुखडा.

२०/ तरी दूरचित्रवाणीने एक मोठे दानही दिले. एरवी एका पंचक्रोशीत राहिलेले कलावंत राज्याने पाहिले. विदर्भातील दंडार, कोकणातील दशावतार, मराठवाड्यातील भारूड ही एकमेकांना अनोळखी रूपे एकाच पडद्यावर आली. आपल्या गावचा खेळ ‘कला’ आहे, ही जाणीव अनेकांना तो पडद्यावर पाहूनच झाली. म्हणून पडद्याने लोककला मारली, हे विधान जितके अपुरे, तितकेच पडद्याने ती वाचवली हेही.

२१/ या द्वंद्वावरच एक चित्रपट बेतला गेला. ‘एक होता विदूषक’ (१९९२): दिग्दर्शन जब्बार पटेल, पटकथा पु. ल. देशपांडे, गीते पुन्हा महानोर, संगीत आनंद मोडक. तमाशाच्या फडात वाढलेला आबुराव (लक्ष्मीकांत बेर्डे) पडद्यावरचा लोकप्रिय नट होतो आणि मग राजकारणाकडे ओढला जातो. फडात सत्ताधाऱ्याला चार शब्द सुनावणारा सोंगाड्या पडद्यामुळे मोठा होतो आणि मोठा झाल्यावर त्याची जीभच गहाण पडते.

२२/ चित्रपटाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण इतिहासाच्या दृष्टीने त्याहून महत्त्वाची नोंद दुसरी आहे. त्याच वर्षी सर्वोत्कृष्ट नृत्यदिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार याच चित्रपटासाठी लक्ष्मीबाई कोल्हापूरकर यांना मिळाला. लावणीच्या परंपरेतून आलेल्या एका स्त्रीचे नाव श्रेयनामावलीत ‘नृत्यदिग्दर्शक’ म्हणून आले आणि राष्ट्राने ते वाचले. एकनाथकालीन कोल्हाटिणीचे नाव आपल्याला माहीत नाही. लक्ष्मीबाईंचे माहीत आहे. दोन नोंदींमधला हा फरक पडण्यास चारशे वर्षे लागली.

२३/ नावे आणि संदर्भ टिकवण्याचे काम याच शहरात अभ्यासकांनीही केले. डॉ. प्रभाकर मांडे यांनी मराठवाडा विद्यापीठात अध्यापन करताना लोकसाहित्य आणि लोकरंगभूमीचा अभ्यास ग्रंथालयाबाहेर, भटक्या जमातींच्या पालांपर्यंत नेला; २०२३ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली आणि त्याच वर्षअखेरीस ते निवर्तले. इंडियन नॅशनल थिएटरच्या माध्यमातून लोककलांचा शोध घेऊन त्या रंगमंचावर आणणारे गीतकार अशोकजी परांजपे यांनीही आयुष्याची अखेरची वर्षे याच शहरात घालवली.

२४/ आणि सिल्लोड. याच तालुक्यातील निरंजन भाकरे हे भारूडकार. एकनाथांचे ‘बुरगुंडा’ हे भारूड त्यांच्या नावाशी जोडले गेले. पैठणला सोळाव्या शतकात रचलेले भारूड, त्याच जिल्ह्यातला एक कलावंत एकविसाव्या शतकात सादर करतो आणि चित्रफितींमुळे ते राज्यभर पोहोचते, असे हे वर्तुळ आहे. भाकरे भारुडातून व्यसनमुक्तीसारखे विषय मांडत. म्हणजे पाठ्य एकनाथांचे आणि मधली जागा आजच्या गावाची, ही जुनी रीत त्यांनी सोडली नाही.

२५/ एप्रिल २०२१ मध्ये करोनाने भाकरे यांचा बळी घेतला. तो काळ सर्वच लोककलावंतांसाठी निर्दय होता. जत्रा बंद झाल्या. दसऱ्यानंतर सुरू होणारा तमाशाचा हंगाम बुडाला. नारायणगावात फडांच्या राहुट्यांमध्ये जिथे गावोगावच्या सुपाऱ्या ठरतात, तिथे शुकशुकाट झाला. ज्यांचे उत्पन्न समोर बसलेल्या माणसांवर अवलंबून, त्यांना पडद्याने हात दिला नाही. मोबाइलवर जुनी चित्रफीत लाखोंनी पाहिली गेली, तरी तिच्यातल्या ढोलकीवाल्याच्या घरी त्यातून काही पोहोचेलच, अशी कोणतीही व्यवस्था नव्हती.

२६/ पडदा काय राखतो? चेहरा, सूर, वेश, हाताची एक विशिष्ट लकब. भाकरे यांच्या भारुडाची चित्रफीत पाहून उद्याचा एखादा मुलगा पदर कसा घ्यायचा, हे शिकू शकतो. एकनाथांना ज्या गोंधळ्याने प्रेरणा दिली, त्याची अशी खूण उरलेली नाही. पडदा काय गमावतो? ती मधली जागा: सरपंचाला काढलेला चिमटा, दहाव्यांदा आलेली ओळ, पहाट होईपर्यंत न हललेले गाव. ती चित्रफितीतून शिकता येत नाही. ती माणसांसमोर उभे राहूनच भरावी लागते.

२७/ म्हणून पडद्यावर पुढच्या वेळी लोकनृत्य किंवा लोकगीत दिसेल, तेव्हा तीन गोष्टी पाहाव्यात. मूळ प्रयोगातले काय वगळले आहे? जे उरले, ते कथेत काही काम करते की केवळ शोभेपुरते आहे? आणि श्रेयनामावलीत कोणाचे नाव आहे? गीताखाली नुसते ‘पारंपरिक’ असे लिहिलेले असेल, तर ते कोणत्या गावातून आले, कोणाकडून ऐकले आणि साथीला ढोलकीवर कोण होते, हे विचारावे. उत्तर सांगू शकतील अशी माणसे अजून गावोगावी आहेत.